भारताचा पोलीसप्रमुख कोण? मुलाचा एक गुण गेला, आता भाषणही आलंय

कवळेकरीण

नमस्कार मंडळी. प्रश्न एवढासा आहे, पण त्यावरून घरात दोन दिवस रणकंदन चालू आहे.

आमच्या भागात एका वर्धापनदिनाला प्रश्नमंजुषा होती. मुलगा नववीत. प्रश्न आला, 'भारताच्या पोलीसप्रमुखाला काय म्हणतात?' चिरंजीवांनी लिहिलं, 'असं पदच नाही.' परीक्षकांनी शून्य दिलं आणि उत्तर सांगितलं, 'डीजीपी', म्हणजे पोलीस महासंचालक. पोराने उभं राहून विचारलं, कुठल्या राज्याचा डीजीपी? तर 'जास्त शहाणपणा नको' म्हणून खाली बसवलं. एका गुणाने दुसरा नंबर गेला, बक्षिसाचा डबा गेला. स्टीलचा होता, चांगला जाड. मलाही हवा होता, खोटं कशाला बोलू.

आता शाळेत पाच मिनिटांचं भाषण आहे, 'मला भावलेला पोलीस अधिकारी'. याने हट्टच धरलाय की देशपातळीवरच्या प्रमुखावरच बोलणार. सासरे म्हणतात, ज्युलिओ रिबेरोंवर बोल, आपला गोंयकार माणूस. मला त्यांचं 'पंजाबवाले' यापलीकडे काही ठाऊक नाही.

तर सांगा, असं पद खरंच आहे का? आणि रिबेरो देशाचे पोलीसप्रमुख होते असं म्हटलं तर चालेल का? जन्मतारीख-पुरस्कार छापाची माहिती नको, ती त्याने आधीच वहीत उतरवून ठेवली आहे.

---

पाटोचा_वाचक

ताई, तुमचा मुलगा बरोबर आहे. मी पाटोच्या मध्यवर्ती ग्रंथालयात स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करतो, त्यामुळे हे माझं रोजचं दळण.

राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीत तीन याद्या आहेत. 'पोलीस' राज्यांच्या यादीत, दुसऱ्या नोंदीत आहे. म्हणून प्रत्येक राज्याचं पोलीस खातं वेगळं आणि प्रत्येकाचा डीजीपी वेगळा. सगळ्या डीजीपींच्या वर बसलेला एक महाडीजीपी असा कोणी नाही.

लोकांचा घोळ होतो तो दिल्लीतल्या तीन-चार खुर्च्यांमुळे. सीबीआयचा संचालक टीव्हीवर दिसतो म्हणून मोठा वाटतो. पण सीबीआय चालते १९४६च्या दिल्ली विशेष पोलीस आस्थापना कायद्यावर (सीबीआय हे नाव मिळालं १ एप्रिल १९६३ला) आणि राज्याच्या हद्दीत तपासाला त्या राज्याची संमती लागते. न्यायालयाने तपास सोपवला तर गोष्ट वेगळी. आयबी, म्हणजे केंद्राचा गुप्तचर विभाग, १८८७पासूनची, तिच्या संचालकाला पोलीस अधिकाऱ्यांमध्ये मोठा मान. दरवर्षी सगळ्या राज्यांचे डीजीपी एकत्र येतात ती परिषद आयबीच भरवते. २०१९ साली ती पुण्यात झाली होती. पण परिषद भरवणारा वेगळा आणि हुकूम देणारा वेगळा. सीआरपीएफ (केंद्रीय राखीव पोलीस), बीएसएफ (सीमा सुरक्षा दल) यांना आपापले महासंचालक आहेत, त्यांचा हुकूम आपापल्या दलापुरता.

आपल्या गोव्याची गंमत आणखी वेगळी. ३० मे १९८७ला राज्य झालो, पण आयपीएसचं स्वतंत्र केडर (राज्यवार अधिकाऱ्यांचा गट) आपल्याला नाही. अरुणाचल, गोवा, मिझोराम आणि केंद्रशासित प्रदेश यांचं एकच, एजीएमयूटी. म्हणून आपल्याकडचा अधिकारी आज पणजीत, उद्या इटानगरला, परवा दिल्लीला.

रिबेरोंवर बोलायला हरकत नाही. फक्त 'देशाचे पोलीसप्रमुख' म्हणू नका, नाहीतर परीक्षकांची चूक आपणच खरी करू.

---

सत्तरीचा_हवालदार

ताई, पोराला माझा सॅल्यूट सांगा. मी सीआरपीएफमधून हवालदार म्हणून निवृत्त झालो. गाव सत्तरीत, वयही तिकडेच निघालंय. काजूचा हंगाम आटोपला, बोंडू मळून मळून पाठीचा काटा ढिला झाला, म्हणून आता लिहायला सवड आहे. आमच्याकडे नेटवर्क देवळाच्या पायऱ्यांवरच मिळतं. मधेच गायब झालो तर पाऊस आला समजा.

पाटोवाल्या पोराने कायदा बरोबर सांगितला. पण मला तो कायदा पुस्तकातून नाही कळला, नाक्यावर उभं राहून कळला.

१९८६ साली मी बावीस वर्षांचा होतो, पंजाबात, खलिस्तानी दहशतवादाच्या दिवसांत. त्या वर्षीच्या मार्चपर्यंत आमचे डीजी, म्हणजे महासंचालक, रिबेरो साहेब. बटालियनमध्ये गोव्याचे आम्ही मोजके, त्यामुळे बाकीच्यांना वाटायचं साहेब माझे सख्खे मामा. 'तेरे गाँववाले' म्हणून चिडवायचे. साहेब जन्मले, वाढले मुंबईत, मूळ घराणं तेवढं गोव्याचं. मी वाळपईच्या पलीकडच्या रानातला. सुट्टीच्या अर्जाला या नात्याचा दमडीचा उपयोग झाला नाही.

आता मुद्द्याचं. आमचा पगार दिल्लीचा. बढती, बदली, शिक्षा, बूट, घोंगडी, सगळं दिल्लीचं. पण आज रात्री कुठल्या तिठ्यावर नाका लावायचा, कुठल्या गावाला वेढा घालायचा, ते जिल्ह्याचा पोलीसप्रमुख, एसएसपी ठरवणार, म्हणजे पंजाब पोलीस. जवान केंद्राचा, काम राज्याचं. बाहेरच्या माणसाला हे विचित्र वाटतं, आम्हाला पहिल्या महिन्यात सवय होते.

यात रिबेरो साहेबांना बसवून बघा. सीआरपीएफचे डीजी असताना काश्मीरपासून केरळपर्यंत पसरलेलं दल त्यांच्या हाताखाली. पण जालंधरच्या एखाद्या ठाण्यातला साधा शिपाई? तो त्यांचा नव्हता. त्याला ते हुकूम देऊ शकत नव्हते. सरकारला त्यांच्याकडून पंजाबचं काम करून घ्यायचं होतं तेव्हा काय केलं? टोपी बदलली. देशभरचं दल सोडायला लावून एका राज्याचं डीजीपी केलं. आणि ही पहिली खेप नव्हे. १९८२पासून ते मुंबईचे पोलीस आयुक्त. १९८५ला गुजरातेत आरक्षणावरून दंगली पेटल्या तेव्हा त्यांना उचलून गुजरातचं डीजीपी केलं. केडर महाराष्ट्राचं, माणूस गुजरातेत. मग सीआरपीएफ, मग पंजाब. पाच वर्षांत चार टोप्या. देशाचा एकच पोलीसप्रमुख अशी खुर्ची असती तर त्यावर बसवून मोकळे झाले असते, एवढी उचलठेव कशाला? तुमच्या पोराने परीक्षकाला हे विचारावं.

आता एक रात्र सांगतो.

त्या वर्षी ३ ऑक्टोबरला जालंधरला पंजाब सशस्त्र पोलिसांच्या मुख्यालयात, आतल्या आवारात, साहेबांवर गोळीबार झाला. मारेकरी आले ते पोलिसांच्या गणवेशात. साहेब आणि त्यांच्या पत्नी जखमी झाल्या, पण दोघं वाचली. पहाऱ्यावरचा माणूस गेला. त्याच्याबद्दल कुठे कोणी बोलत नाही, म्हणून मी सांगतो.

त्यानंतर रोल कॉलला रोज एकच घोकंपट्टी: वर्दी म्हणजे ओळख नाही. कोणीही असो, ओळखपत्र बघितल्याशिवाय सोडायचं नाही.

नोव्हेंबर असेल. धुकं असं की स्वतःच्या रायफलीचं टोक दिसेना. आम्ही वाळूच्या पोत्यांच्या मोर्च्यात (आमच्यात त्याला मोर्चाच म्हणतात, झेंड्यांचा नव्हे). जीप आली, आत तिथला ठाणेदार. मी त्याला चांगला ओळखत होतो. दोन दिवसांआड आमच्या लंगरला येऊन तो चहा प्यायचा, माझ्याच हातचा पण प्यालेला. तरी मी बॅटरी त्याच्या तोंडावर मारली आणि म्हटलं, साहेब, कार्ड. तो हसला. मी बॅटरी हलवली नाही. मग त्याचं हसू गेलं. म्हणाला, हा इलाका माझा आहे, नाका माझ्या सांगण्यावरून लागलाय, आणि तू माझं कार्ड बघणार? मी म्हटलं, नाका तुमचा, हुकूम माझ्या कंपनी कमांडरचा. चार-पाच मिनिटं आम्ही तसेच. मागे एक ट्रक येऊन थांबला, त्याचा ड्रायव्हर हॉर्न द्यायलाही घाबरत होता. शेवटी त्याने खिशातून कार्ड काढून माझ्या अंगावर टाकलं. मी ते उचललं, वाचलं, फोटो बघितला, दोन्ही हातांनी परत दिलं, सॅल्यूट मारला.

सकाळी तक्रार कॅम्पात हजर. कमांडर साहेबांनी मला उभं केलं, सगळं ऐकलं आणि तीन दिवस लंगरला बटाटे सोलायला लावलं. का, ते सांगितलं नाही. चौथ्या रात्री परत त्याच नाक्यावर उभं केलं. ते का, हेही सांगितलं नाही. पण त्यानंतर ठाणेदाराची जीप लांबून दिसली की आधी खिडकीतून हात बाहेर आलेला असायचा, हातात कार्ड.

बटाटे ठाणेदारासाठी होते आणि नाका माझ्यासाठी, हे कळायला मला दोन वर्षं लागली.

पाऊस आला. उरलेलं उद्या.

---

गिरगाव_ते_मडगाव

हवालदार काका, वाचताना कापरं भरलं.

रिबेरो मुंबईचे आयुक्त होते तेव्हा बाबा गिरगावात गावच्या लोकांच्या खोलीत राहायचे, सोळा जण एका खोलीत, पाळीपाळीने झोपायचं. १९८२ म्हणजे दत्ता सामंतांचा गिरणी संप चालू. त्यात ऑगस्टच्या १८ तारखेला मुंबईचे पोलीस शिपाईच रस्त्यावर उतरले. त्यांच्या संघटनेची मान्यता काढली होती, पुढाऱ्यांना पकडलं होतं. शहरात लष्कर बोलवावं लागलं. बाबा सांगायचे, त्या दिवशी चौकात शिट्टी वाजवायला कोणी नव्हतं, आणि बेस्टची बस नाही म्हणून ते भायखळ्याहून चालत आले.

हे भाषणात घ्या. ज्याच्याकडे शहर सांभाळायला दिलं त्याचेच शिपाई त्याच्यावर उलटले, हा प्रसंग पंजाबपेक्षा लहान नाही. शिपायांची बाजूही सांगा म्हणजे झालं. घर नाही, सुट्टी नाही, पगार तुटपुंजा.

---

कामठीची_लेक

मी नागपूरकडची, सासर म्हापशाचं. तीस वर्षं इथे काढली तरी शुक्रवारच्या बाजारात मासळीचा भाव करताना मला अजून 'बाहेरची' समजतात, म्हणून थोडं बाहेरचं बोलते.

गोंयकार म्हणून रिबेरो ठीक आहेत. पण देशपातळीवरचा पोलीस अधिकारी म्हणाल तर आमच्या कामठीचा माणूस घ्या की! खुसरो फरामर्झ रुस्तमजी. जन्म १९१६, कामठी. १९३८ला इंग्रजांच्या काळात पोलिसात आले, तेव्हाच्या मध्य प्रांतात. १९५२ ते १९५८ पंडित नेहरूंच्या सुरक्षेची जबाबदारी त्यांच्यावर. मग मध्य प्रदेशचे पोलीसप्रमुख, म्हणजे चंबळचे डाकू. आणि १ डिसेंबर १९६५ला बीएसएफ जन्माला आली ती यांच्या हाताने. त्याआधी पाकिस्तानच्या सीमेवर प्रत्येक राज्य आपापले सशस्त्र पोलीस उभे करायचं. गुजरातचे वेगळे, राजस्थानचे वेगळे, पंजाबचे वेगळे. बंदुका वेगळ्या, पगार वेगळे, बोलणं वेगळं. त्या सगळ्यांचं एक दल करायचं, तेही लढाईचा धूर विरतो न विरतो तोच. नऊ वर्षं ते प्रमुख होते. बांगलादेश युद्धाच्या वेळी मुक्तिवाहिनीला उभं करण्यात बीएसएफचा हात होता तो यांच्याच काळात.

पण मी मुलांना शाळेत सांगायची ती गोष्ट निवृत्तीनंतरची. राष्ट्रीय पोलीस आयोगाचे सदस्य म्हणून ते बिहारचे तुरुंग बघायला गेले. आत कच्चे कैदी. खटलाच उभा राहिलेला नाही, आणि गुन्हा शाबित झाला असता तर जेवढी शिक्षा झाली असती त्याहून जास्त वर्षं आत काढलेली. यांनी त्यावर वर्तमानपत्रात लिहिलं, जानेवारी १९७९. दिल्लीत कपिला हिंगोरानी नावाच्या वकीलबाईंनी ते वाचलं आणि सर्वोच्च न्यायालयात गेल्या. हुस्नआरा खातून खटला तो हाच. न्यायमूर्ती भगवतींनी म्हटलं, वेळेत खटला चालणं हा जगण्याच्या हक्काचाच भाग. हजारो कैदी सुटले. जन्मभर लोकांना आत टाकणाऱ्या खात्यातला माणूस, आणि त्याच्या लेखाने कुलपं उघडली.

१९९१ला पद्मविभूषण मिळालं. विचारा आता गोव्यात किती जणांना नाव माहीत आहे.

---

सत्तरीचा_हवालदार

कामठीच्या वहिनी, रुस्तमजी साहेबांना माझाही सॅल्यूट. पण एक राहिलं, आणि ते सांगितल्याशिवाय मला झोप येणार नाही. बीएसएफ का निघाली? एप्रिल १९६५ला कच्छच्या रणात पाकिस्तानने हल्ला केला. ९ एप्रिलला सरदार पोस्टवर ब्रिगेडसमोर उभं राहिलं कोण? सीआरपीएफची दुसरी बटालियन. मूठभर माणसं. आम्ही अजून ९ एप्रिलला शौर्य दिन पाळतो. बीएसएफवाले भेटले की त्यांना आम्ही सांगतो, आम्ही टिकलो म्हणून तुम्ही जन्मलात. त्यावर ते काय म्हणतात ते इथे लिहिण्यासारखं नाही.

वहिनींचा मुद्दा पटला, तरी रुस्तमजींनाही सगळ्या देशाचे पोलीसप्रमुख म्हणता येणार नाही. एका दलाचे प्रमुख, मग आयोगाचे सदस्य. पद पोराने सांगितलं तसंच, नाहीच.

आता रिबेरो साहेबांचं उरलेलं. त्यांच्या नावाला 'गोळीला गोळी' हे शब्द चिकटले ते सुटलेच नाहीत. आत्मचरित्राचं नावही तेच. शाळेतल्या भाषणात सगळी पोरं तेच सांगतील, टाळ्या घेतील. सुवर्णमंदिरात ३० एप्रिल १९८६ला एनएसजी (केंद्राचे कमांडो) शिरली तेव्हा डीजीपी तेच. मे १९८८ला दुसऱ्यांदा वेढा पडला, ऑपरेशन ब्लॅक थंडर म्हणून जो सगळ्यांना आठवतो, तेव्हा डीजीपीच्या खुर्चीवर के. पी. एस. गिल आले होते आणि रिबेरो राज्यपालांचे सल्लागार. ही दोन वेढ्यांची गल्लत पोरं हमखास करतात.

मग राजदूत म्हणून रोमानियाला. ऑगस्ट १९९१, बुखारेस्ट. तिथे पण मारेकरी पोचले. पुन्हा गोळ्या, पुन्हा वाचले. तिथल्या पोलिसांनी हल्लेखोर पकडले, तर त्याचा बदला म्हणून ऑक्टोबरमध्ये दिल्लीत रोमानियाच्या दूतावासातला अधिकारी पळवला. नोव्हेंबरात सोडला. जालंधरची गोळी बुखारेस्टला गेली आणि तिथून दिल्लीला परत आली.

मला मात्र त्यानंतरचं जास्त आवडतं. मुंबई १९९२-९३ला जळाली. साहेब मुंबईत परतले ते गल्लीबोळात मोहल्ला समित्यांमध्ये. पंजाबात ज्याच्या मागे-पुढे गाड्या, तो माणूस आता गल्लीत बसून दोन शेजाऱ्यांची भांडणं ऐकतोय. पोलीस सुधारणांचा खटला सर्वोच्च न्यायालयात चालू होता, त्यावरून १९९८ला सरकारने समिती नेमली, तिचे अध्यक्ष तेच. तो खटला प्रकाश सिंह साहेबांचा, ते पण बीएसएफचे माजी डीजी. निकाल लागला २२ सप्टेंबर २००६ला.

---

पाटोचा_वाचक

काकांनी निकालाचं नाव काढलं म्हणून दोन ओळी. त्यात न्यायालयाने सात निर्देश दिले. डीजीपी निवडायचा तो यूपीएससीने पाठवलेल्या तीन नावांतून, आणि किमान दोन वर्षं हलवायचा नाही. पोलिसांविरुद्ध तक्रारीसाठी स्वतंत्र प्राधिकरण. तपासाचे पोलीस वेगळे आणि बंदोबस्ताचे वेगळे. हे सगळं सांगावं लागलं कारण मूळ कायदा १८६१चा, म्हणजे १८५७च्या उठावानंतर इंग्रजांनी स्वतःच्या सोयीने केलेला.

देशाला एक पोलीसप्रमुख द्या असं मात्र त्यात कुठेच नाही. उलट राज्याच्या प्रमुखालाच नीट बसू द्या, एवढंच मागणं.

---

जुनी_पणजी

वाचतेय. मध्ये बोलू की नको म्हणत होते.

देशाचा एकच पोलीसप्रमुख असता तर बरं, असं कोणाला वाटत असेल तर आमच्या आईला विचारायला हवं होतं. आई गेली आता. तिच्या तोंडी शब्द होता 'कुमांदांत'. पाखल्यांच्या, म्हणजे पोर्तुगीजांच्या राज्यात पोलिसांचा कुमांदांत एकच, आणि त्याची दोरी लिस्बनला. पणजीत आझाद मैदानासमोर आज जे पोलीस मुख्यालय आहे, ती जुनी कुआर्तेलची, म्हणजे बराकीची इमारत. मैदानाचं नाव तेव्हा आफोन्सो द आल्बुकेर्कच्या नावावर. आई बाजारातून येताना त्या भिंतीच्या बाजूने कधी चालत नसे. रस्ता ओलांडून पलीकडून जायची. १९६१नंतरही. मी विचारलं तर म्हणायची, सवय.

मोंतेरोचं नाव तर आमच्या घरात काढायचं नाही असाच नियम. एजंट मोंतेरो, पोर्तुगीज पोलिसांचा. स्वातंत्र्यसैनिकांना मारहाण करण्यात नाव काढलेला. पुढे युरोपात गेला आणि तिथे पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझारच्या विरोधातल्या जनरल देल्गादोच्या खुनातही त्याचं नाव आलं.

पोर्तुगालात अजूनही पीएसपीला, म्हणजे शहरी पोलिसांना, राष्ट्रीय संचालक असतो, एकच, सगळ्या शहरांचा. पण खेडोपाडी जीएनआर ही पोलीस फौज वेगळी, आणि तिचा जनरल वेगळा. म्हणजे एवढ्याशा देशालाही दोन लागले.

आता आझाद मैदानात स्वातंत्र्यसैनिक टी. बी. कुन्हांचं स्मारक आहे. मी परवा तिथे बसून शेंगदाणे खाल्ले, समोर पोलीस मुख्यालय. आईची आठवण आली.

---

कवळेकरीण

काय लिहू! सासऱ्यांना सगळं मोठ्याने वाचून दाखवलं. जुनी पणजी ताईंचं वाचताना ते मध्येच उठून गेले, नंतर चष्मा पुसत आले. त्यांच्या वडिलांचंही काही असावं, विचारलं नाही.

हवालदार काका, मुलाने भाषण लिहिलंय. रिबेरोंवरच. सुरुवात तुमच्या नाक्याने केली आहे, 'एका धुक्याच्या रात्री एका जवानाने आपल्याच ठाणेदाराला अडवलं' अशी. तुमचं नाव-गाव घातलं नाही, काळजी नको. मग चार टोप्या. त्यासाठी घरातल्या टोप्या गोळा केल्या: आजोबांची गांधी टोपी, बाबांचं हेल्मेट, स्वतःची क्रिकेटची, आणि चौथी मिळेना म्हणून माझी कानटोपी. स्टेजवर एकेक घालून बदलणार म्हणे. बाईंची परवानगी काढायची आहे अजून.

कामठीच्या ताई, रुस्तमजींचं शेवटी एक वाक्य घेतलंय, कच्च्या कैद्यांचं. पुढच्या वर्षी पूर्ण भाषण त्यांच्यावर, असं वचन दिलंय त्याने. नववीतल्या मुलाचं वचन, किती धरायचं ते तुम्ही ठरवा.

अडचण एकच. घड्याळ लावून बघितलं, सव्वासात मिनिटं होतायत. पाचच्या वर गेलं की घंटा वाजते. मी म्हटलं, गुजरात काप, तसंही त्यात एकच ओळ आहे. तो ऐकत नाही.

आणि परीक्षकांना काही विचारायचं नाही असं ठरलं. त्यांच्या मुलीचं लग्न आहे पुढच्या महिन्यात, आमंत्रण आलंय.

---

सत्तरीचा_हवालदार

ताई, गुजरात कापू नका! गुजरात गेलं की टोप्या तीनच राहतात आणि सगळा हिशेब मोडतो. बुखारेस्ट कापा. तिथे टाळ्या मिळतील हे खरं, पण त्याचा पोलीसप्रमुखाशी संबंध नाही, तेव्हा ते राजदूत होते. आणि माझ्या नाक्यातला ट्रक काढा, बटाटे ठेवा.

सॅल्यूट मारताना तळवा समोरच्याला दिसला पाहिजे आणि कोपर खांद्याच्या रेषेत. कानटोपी घालून सॅल्यूट नको, माझी विनंती आहे.

डब्याचं मनाला लावून घेऊ नका. पेन्शनरांच्या मेळाव्यात दरवर्षी देतात, माझ्याकडे तीन पडून आहेत, तिन्ही स्टीलचे. आम्ही घरी दोघंच. पुढच्या बुधवारी मला फोंड्याला दवाखान्यात यायचं आहे, मुलाला स्टँडवर पाठवा. ओळखपत्र घेऊन यायला सांगा, शाळेचं चालेल.